एझ्रामामाने पाण्यात टाकलेलं नाव

माझ्या मामाला सख्खी भाची एकच, ती मी. मानलेली भाचरं मात्र काही हजार. ती सगळी समुद्रात राहतात, पाठीवर पडून पोटाचं ताट करून जेवतात, आणि आजवर त्यांनी गावातल्या एकालाही घासभर काही ठेवलेलं नाही. पन्नास वर्षं मी त्या पाणमांजरांवर जळत आले आहे, हे आधीच सांगून टाकते. म्हणजे पुढे मी कुठे वाकडं बोलले तर कोणाला नवल वाटायला नको.

एझ्रामामा आज सत्त्याहत्तरचा आहे. अंगाने काटकुळा, हात मात्र वल्ह्यासारखे लांब. शीतगृहात मासे साफ करण्यापासून सुरुवात करून त्याने स्वतःची होडी केली, तीस वर्षं सॅमन धरला, गावात कोणाचंही इंजिन बंद पडलं तरी तेलाचे हात पुसत धावत गेला. त्याची एक खोड गावभर प्रसिद्ध. कुठेही जायचं असलं की हा तासभर आधी हजर. पाण्यावर उतरणारं छोटं विमान दहाला यायचं तर मामा नऊला धक्क्यावर. कोणाला कुठून आणायचं असलं तर हा त्या माणसाच्या आधी तिथे जाऊन बसलेला. ऑगस्टामामी म्हणते, "हा म्हातारा स्वतःच्या मयताला पण आदल्या दिवशी जाऊन बसेल, जागा धरायला."

आम्ही हसायचो. ही खोड कशाने लागली ते आम्हाला गेल्या सप्टेंबरपर्यंत कळलं नव्हतं.

आमच्या उत्तरेकडच्या थंड किनाऱ्यावर एक म्हण आहे: ओहोटी लागली की पान वाढलं. माझ्या लहानपणी ते शब्दशः खरं होतं. बादली आणि खुरपं घेऊन जायचं, तासाभरात तिसऱ्या, खेकडे, खडकाला चिकटलेले ते काळे जाड शिंपले, ज्यांना आम्ही गमबूट म्हणतो, असं सगळं घरी. आता माझी नात टेसी बादली घेऊन जाते आणि गुळगुळीत दगड घेऊन येते. जे होतं ते पाणमांजरांनी खाल्लं. एकेक मांजर दिवसाला स्वतःच्या वजनाचा चौथा हिस्सा खातं, असं त्यांची मोजणी करायला येणारी हॅना सांगते, आणि सांगताना तिचे डोळे कौतुकाने चमकतात. चांगली पोरगी आहे. दर उन्हाळ्यात होडीने येते, दुर्बीण लावून मोजते, माझ्याकडे चहा पिते. तिच्या मते किनारा आता बरा झालाय. तळाशी राहणारे काटेरी गोळ्यांसारखे जीव समुद्रातलं रान खाऊन फस्त करत होते, मांजरांनी ते गोळे खाल्ले, केल्पची, म्हणजे झाडांएवढ्या उंच समुद्री शेवाळाची, रानं पुन्हा उभी राहिली, त्यात माशांची पिल्लं वाढायला लागली. हे खोटं नाही, मी डोळ्यांनी पाहिलंय. पण माझ्या आईने शेवटची दहा वर्षं गमबूट चाखले नाहीत, हेही खोटं नाही. दोन खऱ्या गोष्टी एका ताटात मावत नाहीत, त्याला मी काय करू.

आम्हा किनाऱ्यावरच्या मूळ लोकांना पाणमांजराची शिकार करायला कायद्याने मुभा आहे, फक्त कातडं तसंच विकायचं नाही, त्याचं हाताने काहीतरी शिवायचं. माझा धंदा तोच. टोप्या, हातमोजे, गळपट्टे. गावातले शिकारी कातडी माझ्याकडे आणतात. मामा माझ्या घरी येतो, जेवतो, पण शिवणाच्या खोलीत पाय ठेवत नाही. त्याने आयुष्यात एका पाणमांजरावर बंदूक उगारलेली नाही. मामीचे भाऊ खेकड्यांचे पिंजरे लावायचे. रिकामे पिंजरे घेऊन धक्क्यावर आले की हाक मारायचे, "एझ्रा, तुझी भाचरं आज पण जेवून गेली. ढेकर पण दिला नाही मेल्यांनी." मामा दोर गुंडाळायला हात लावायचा.

भाचरं का, ते सांगते. त्यासाठी एकोणीसशे अडुसष्ट सालात जावं लागेल. मी तेव्हा दहा वर्षांची होते.

मामाला दोन बहिणी. थोरली माझी आई, मधली डोरामावशी. डोरामावशी पंचविशीची, हसली की सगळं घर हसायचं. मे महिन्यातल्या मोठ्या ओहोटीला ती धुराच्या खाडीतल्या खडकावर गमबूट काढायला गेली. मामाने तिला होडीने सोडलं आणि भरतीच्या आत आणायला येतो म्हणाला. येताना इंजिन बंद पडलं, पोचलो तेव्हा खडक पाण्याखाली होता, असं त्याने घरी येऊन सांगितलं. अंग काही सापडलं नाही.

अंग न सापडणं ही आमच्याकडे मरणाहून वाईट गोष्ट. बुडालेल्या माणसाला नदीकाठची पाणमांजरं घेऊन जातात आणि आपल्यातलं करून टाकतात, ही आमची जुनी, पक्की समजूत. चेहऱ्यावर मिशा येतात, हातांचे पंजे होतात, आणि मग ते माणूस किनाऱ्यावरून आपल्या माणसांना हाका मारत राहतं. समुद्रातलं पाणमांजर हा अगदी निराळा प्राणी. आमच्या भाषेत त्याचं नावही निराळं, त्याचा आणि माणसं नेणाऱ्या मांजरांचा काही संबंध नाही. पण हा फरक कळायला आधी ते बघितलेलं असावं लागतं. कातड्यांच्या व्यापाऱ्यांनी आमच्या किनाऱ्यावरचं शेवटचं मांजर मारलं तेव्हा माझी आजीसुद्धा जन्मली नव्हती.

त्याच वर्षी जुलैत सरकारी विमान आलं. लांब पश्चिमेकडच्या बेटांवर सरकारला जमिनीखाली अणुबाँब फोडायचे होते, तिथे पाणमांजरं उरली होती. ती धरून, जिथे पूर्वी त्यांचे पूर्वज राहत होते तिथे सोडायचं ठरलं होतं. आमची धुराची खाडी त्यांनी पसंत केली. पेट्या पाण्यावर न्यायला होड्या हव्या होत्या. मामा बावीस वर्षांचा, बहीण जाऊन दोन महिने झालेले, जेवत नव्हता, झोपत नव्हता. आजीनेच त्याला ढकललं, जा, हाताला काम लागेल.

मी काठावरच्या दगडावर बसून बघत होते. होडीत मामा आणि मामीच्या घरचे दोघे भाऊ. मामी तेव्हा अजून मामी झाली नव्हती. मामाने पहिल्या पेटीचं झाकण काढलं. आत एक मादी, तोंड पांढुरकं. ती उठून बसली, दोन्ही हातांनी डोळे चोळले आणि मामाकडे बघितलं. डोरामावशी रोज सकाळी उठल्यावर अगदी तसेच डोळे चोळायची, दोन्ही मुठींनी. मी काठावरून बघितलं आणि दगडावरून उठून उभी राहिले.

मामा उभा राहिला आणि त्याने तिला डोरामावशीच्या नावाने हाक मारली. डोरा नाही, मोठ्या नावाने. आमच्या घराण्याचं नाव, पिढ्यान्‌पिढ्या एका बाईकडून दुसरीकडे आलेलं. ते मी इथे लिहिणार नाही, ते कागदावर टाकायचं नाव नाही. मांजर पेटीतून पाण्यात गेलं. मामाने पुन्हा हाक मारली. पुन्हा. आणि पुन्हा.

चार वेळा.

आमच्याकडे कोणी वारलं की वर्षाने घरचे मोठं जेवण घालतात, आणि त्या जेवणात मेलेल्याचं नाव घराण्यातल्या एखाद्या मुलाला देतात. नाव चार वेळा पुकारायचं. आमचे लोक दोन बाजूंत वाटलेले, आईची बाजू ती मुलांची: आम्ही गरुडाच्या बाजूचे, पाहुणे कावळ्याच्या बाजूचे. प्रत्येक वेळी पाहुण्यांनी ते नाव परत उच्चारायचं, म्हणजे साक्ष होते आणि देणं पुरं होतं. होडीतले मामीचे भाऊ कावळ्याच्या बाजूचे. जन्मापासून असल्या जेवणांना बसलेले. गरुडाच्या माणसाने नाव पुकारलं की तोंड आपोआप उघडायची सवय. चारी वेळा त्या दोघा शहाण्यांनी ते नाव परत म्हटलं.

आजीला कळलं तेव्हा तिने चुलीत लाकूड सारलं. मग मामाला म्हणाली, "दिलंस बाबा. साक्षीने दिलंस. आता ते नाव पाण्यातलं झालं."

तेव्हापासून ते नाव घरात कोणाला मिळालं नाही. माझ्या वेळी माझा हक्क होता, मला दुसरं दिलं. माझ्या लेकीला दुसरं दिलं. आणि पाणमांजरं मामाच्या बहिणीची लेकरं ठरली. थट्टेने म्हणा, पण मामाच्या लेखी थट्टा नव्हती. दर मे महिन्यात तो एकटा खाडीत जायचा आणि दिवसभर बसून यायचा. मामी लग्न होऊन आली तीच कपाळाला हात लावून. "माझ्या भावांचे पिंजरे रिकामे, आणि हा त्या चोरट्यांना भेटायला शर्ट बदलून जातो."

गेल्या वर्षी माझी आई गेली. त्र्याण्णव वर्षांची होती, सोनं झालं म्हणायचं. पण जाताना तिला एकच ध्यास होता. माझं मनगट धरून म्हणाली, "डोराचं नाव वर काढा. ज्याने टाकलं त्यालाच काढायला सांगा. टेसीला द्या. नाहीतर ती आपली पोर तिथेच राहील." टेसी माझ्या लेकीची लेक, पाच वर्षांची. आईचं वर्षाचं जेवण या ऑक्टोबरात होतं. नाव यायचं तर तेव्हाच, आणि मामा गेला तर ते काढणारा कोणी उरणार नव्हता.

मार्ग सांगितला तो मामीने. कावळ्याच्या बाजूची असल्यामुळे तिच्या शब्दाला अशा कामात वजन. ती म्हणाली, ज्या वाटेने गेलं त्याच वाटेने येईल. मामाने खाडीतलं एक मांजर स्वतः मारावं, त्याचं कातडं मुलीच्या अंगावर यावं, आणि मामाने सगळ्यांसमोर नाव पुकारावं. मामा ताटावरून उठून गेला. तीन आठवडे माझ्याशी बोलला नाही. मी पण चिडले. एके दिवशी त्याच्या ओटीवर जाऊन बोलूनच टाकलं, की मामा, पाणमांजर जगतं पंधरा-वीस वर्षं. ती मादी कधीच मेली. तू कोणाला सांभाळतोयस?

"मला काय अक्कल नाही?" तो शांतपणे म्हणाला. "मेली ते मला माहितीय. तीन वेळा मेली असेल."

मी तशीच परत आले, आणि खरं सांगते, त्या दिवशी मला त्याचा राग राग आला. म्हटलं, हा नाव घेऊनच मरणार.

सप्टेंबरात एका सकाळी दार वाजलं. मामा बंदूक घेऊन उभा. म्हणाला, होडी तू चालव, मी बंदूक धरतो.

खाडीत धुकं उतरलेलं होतं, पाणी तेलासारखं सपाट. केल्पच्या रानाशेजारी मांजरांचा मोठा घोळका तरंगत होता. बऱ्याच माद्यांच्या पोटावर पिल्लं. मामाने तिकडे बघितलंही नाही. पिल्लाची आई मारायची नाही, हे गावातलं शेंबडं पोरही जाणतं. घोळक्यापासून दूर एक मादी एकटी होती, नुकतीच बुडी मारून वर आलेली. मी दुर्बिणीने नीट बघितलं, पोट रिकामं होतं. मीच मामाला म्हटलं, ही एकटी आहे.

एकाच गोळीत काम झालं. आम्ही तिला होडीत ओढून घेतलं. मामाने तिचे दोन्ही पंजे हातात धरले आणि तसाच बसून राहिला.

आणि मग केल्पमधून आवाज आला. बारीक, उंच, कुरव पक्षी ओरडतो तसा. थांबायचा आणि पुन्हा यायचा. बुडी मारायला जाताना आई पिल्लाला केल्पच्या पट्ट्यात गुंडाळून ठेवते, ते वाहून जाऊ नये म्हणून. तीस वर्षं कातडी शिवतेय, हे मला ठाऊक नव्हतं असं कसं म्हणू. तरी मी म्हटलं होतं, ही एकटी आहे.

मामा ताडकन उठला. "तिकडे घे. तिकडे घे होडी."

मी घेतली. रानात दहा हात गेलो आणि इंजिनाच्या पंख्यात केल्प गुंतलं. दोरखंडासारखे देठ. मामाने सुरीने कापले, पुन्हा गुंतले. वल्ही मारली तर वल्हीही धरून ठेवत होतं ते रान. मांजरांनीच वाढवलेलं. आवाज कधी डावीकडून, कधी उजवीकडून, धुक्यात काही समजेना. मामा अर्धा पाण्यात वाकून हातांनी केल्प फाडत होता, बोटांतून रक्त येत होतं. मी त्याचा कोट मागून धरून ठेवला होता. किती वेळ गेला कोण जाणे. मग एकदा आवाज आला, आणि त्यानंतर आला नाही.

मामा फळीवर बसला. मग बोलला, माझ्याकडे न बघता.

"इंजिन बंद पडलं नव्हतं, लविना."

मी वल्हं आत घेतलं.

"सरकारी माणसं आली होती त्या दिवशी, खाडी बघायला. मी त्यांना फिरवत होतो. लांबवर. मोठी माणसं मला विचारत होती, खोली किती, वारा कुठला. मला बरं वाटत होतं. वेळ होत आली हे कळत होतं. तिची हाक पण ऐकू आली मला. मी त्यांना म्हटलं, कुरव ओरडतोय."

धुकं आमच्यावरून सरकत राहिलं. पंचावन्न वर्षं हा माणूस ते पोटात घेऊन लोकांना वेळेवर आणत-पोचवत होता.

"ज्यांच्यापायी ती गेली त्यांनीच ती मांजरं आणली," मामा म्हणाला. "मला वाटलं, तिच्या बदल्यात आणली. मग मी त्यांना हात कसा लावू? आणि आज लावला, तर पुन्हा तेच. या खेपेला तर ऐकून लगेच निघालो होतो."

त्या रात्री काय केलं ते सांगण्यासारखं नाही, दोघेही आपापल्या घरी रडलो असू. दुसऱ्या दिवशी मी कातड्याला सरकारी खूणपट्टी लावून आणली आणि कामाला बसले. पाणमांजराचं कातडं कात्रीने कापायचं नसतं. उलटं टाकून पात्याने नुसती चामडी चिरायची, म्हणजे केसाला धक्का लागत नाही. इतकी कातडी कापली, पण त्या दिवशी पातं चालेना. मामा आला आणि पहिल्यांदाच शिवणाच्या खोलीत येऊन बसला. चामडी ताणून धरायला एक हात जास्त लागतो, तो त्याने दिला. टेसीच्या मापाचा गळपट्टा चार दिवसांत झाला. हॅनालाही मी सगळं सांगितलं. वाटलं होतं, माझ्याकडे चहा प्यायची बंद होईल. तिने कप खाली ठेवला आणि विचारलं, पिल्लू साधारण केवढं होतं. मी म्हटलं, बाई, आम्ही ते पाहिलंच नाही.

ऑक्टोबरातलं जेवण सकाळीच सुरू झालं. सभागृहात दोनशे माणसं, एका बाजूला गरुड, समोर कावळे. आईसाठी वाढलेल्या ताटात सीलच्या तेलातला सॅमन होता, हेरिंगची अंडी होती, रानातल्या ब्लूबेरी होत्या. गमबूट नव्हते. मी ते शेजारच्या बेटावरच्या लोकांकडे मागून पाहिले, त्यांच्याकडेही उरले नव्हते. दुपारी मामा उभा राहिला. नाव पुकारायच्या आधी त्याने होडीत मला सांगितलेलं सगळं दोनशे माणसांना सांगितलं. इंजिनाचं, सरकारी माणसांचं, कुरवाचं. माझ्या शेजारी बसलेली माझी लेक माझा हात इतका दाबत होती की बोटं पांढरी पडली.

मग त्याने टेसीला पुढे घेतलं, तिच्या गळ्यातल्या पट्ट्यावर हात ठेवला आणि नाव पुकारलं. समोरून कावळ्यांनी परत म्हटलं. मामीचा एकच भाऊ आता उरलाय, नव्वदीचा, तो सगळ्यांत मोठ्याने म्हणाला. चार वेळा. माझी आई असती तर रडली असती. मी रडलेच.

नाव ज्याला मिळतं त्याला मेलेल्याच्या नात्याने हाक मारायची, ही आमची रीत. म्हणजे मी माझ्या नातीला मावशी म्हणायचं, आणि सत्त्याहत्तर वर्षांच्या मामाने तिला ताई. तिला ते भारी गमतीचं वाटलं. थोडा वेळ ती तोऱ्यात फिरली, सगळ्यांकडून ताई, आत्या, मावशी म्हणवून घेतलं. मग पाच वर्षांच्या पोराचं होतं तेच झालं. गर्दी, उकाडा, गळ्यात लोकरीसारखा गरम पट्टा. देणीघेणी अजून व्हायची होती, पाहुण्यांना वाढणं बाकी होतं, मामा यजमान म्हणून मधोमध बसलेला. जेवण पुरं व्हायच्या आत यजमानाने उठायचं नसतं, हे आमच्यात कोणाला सांगावं लागत नाही.

टेसी गर्दीतून वाट काढत त्याच्यापाशी गेली. दोन्ही मुठींनी डोळे चोळले.

"मला इथून ने ना," ती म्हणाली. "कधी नेणारेस?"

मी बघत होते. मामाचा चेहरा असा झाला की मला वाटलं, याला काहीतरी होतंय. समोरच्या बाजूने भाषण चालू होतं, त्याच्याच नावाने.

"आत्ता, ताई," मामा म्हणाला, आणि उठला. कोट घेतला नाही, कोणाची माफी मागितली नाही. तिला खांद्यावर घेतलं आणि दोनशे माणसांच्या मधून दाराकडे चालायला लागला. भाषण थांबलं. मी उठणार तोच समोरच्या बाकावरून मामीने मला हाताने खाली बसवलं.

"जाऊ दे त्याला," ती म्हणाली. "पोचू दे."